व्याज आणि बांगड्या

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे म्हणतात. मी पगारी नोकर. त्यामुळे शहाणपणाचा प्रश्नच नव्हता. शेठ म्हणाले चढा, मी चढलो.

आमचा पुठ्ठ्याच्या खोक्यांचा कारखाना ठाण्याला, वागळे इस्टेटीत. माणसे बावीस. मुंबईच्या एका बड्या कंपनीने आमची खोकी नेली, त्यांत आपला माल भरला, विकला, आणि आम्ही १८ लाखांचे बिल मागितल्यावर कळवले, की खोकी दमट होती!

अशा दाव्यांत आधी मध्यस्थी करून या, असा २०१८ पासून नियम आहे. आम्ही गेलो. समोरची खुर्ची रिकामी. खुर्चीशी तडजोड कशी करणार? मग सिटी सिव्हिल कोर्टात 'समरी सूट' लावला. समरी म्हणजे झटपट. यात प्रतिवादीला बचाव करण्यासाठीसुद्धा कोर्टाची परवानगी लागते. तिला म्हणतात 'लीव्ह टू डिफेन्ड'. मला आपल्या सी.एल. आणि पी.एल. एवढ्याच लीव्ह ठाऊक. ही लीव्ह द्यायची की नाही, यातच दोन पावसाळे गेले. (एवढ्या काळात खोकी खरोखरच दमट झाली असती.)

मधल्या सुट्टीत मी युनिव्हर्सिटीपलीकडच्या हायकोर्टात माकड पाहायला जाई. ही इमारत १८७८ साली पुरी झाली. बांधकामात पैशांवरून कंत्राटदारांचे भांडण जुंपले, दावा हरलेल्याने रागाने दगडात न्यायाधीश म्हणून माकड कोरले, एका डोळ्यावर पट्टी आणि हातात तराजू, अशी आख्यायिका. त्याच्या हातात निदान छिन्नी होती. माझ्या हातात खतावणी.

समोरच्या कंपनीचे हिशेबनीसही दर तारखेला माझ्यासारखेच बाकावर. हळूहळू डबे एकत्र उघडू लागलो. एकदा थालीपिठाचा तुकडा मोडत ते म्हणाले, "अहो, मुद्दलाबद्दल वाद नाहीच. आमचे साहेब व्याजाला घाबरलेत."

घाबरण्याजोगेच होते ते. लघुउद्योगाचे बिल ४५ दिवसांपुढे थकले, की २००६ च्या कायद्याने बँकदराच्या तिप्पट व्याज, तेही दरमहा चक्रवाढीने. व्याज वाढत वाढत मुद्दलाच्या खांद्याला लागले होते! आमचे वकीलसाहेब म्हणाले, "एक पै सोडू नका."

शेठ बराच वेळ गप्प होते. गेल्या दिवाळीचा बोनस त्यांनी वहिनींच्या बांगड्या गहाण टाकून वाटला होता. हे कारखान्यात फक्त मला माहीत. शेवटी म्हणाले, "व्याज सोडतो. मला बांगड्या सोडवायच्यात."

वकिलांनी तडजोडीच्या अटी पाच पाने लिहिल्या. मुद्दल सहा हप्त्यांत. एक हप्ता चुकला तर व्याज पुन्हा जिवंत. शिवाय कोणीही कसलीही चूक मान्य करीत नाही. म्हणजे खोकी दमटही नव्हती आणि कोरडीही नव्हती. न्यायाधीशांनी दोघांना विचारले, समजले ना? दोघांनी माना डोलावल्या. दोन मिनिटांत हुकूमनामा.

बाहेर कटिंग घेताना हिशेबनीस हळूच म्हणाले, "पुढच्या महिन्यात दोन हजार खोकी लागतील. भाव काय लावाल?"

मी भाव सांगितला. रोखीचा.