बंदीतून घडलेला सण

परक्या मुलखात रुजायचे तर स्वतःचे काय काय टाकून द्यावे लागते? स्थलांतरितांविषयी वाचताना हा प्रश्न माझा पिच्छा सोडत नाही, आणि मग मला क्लॉडिया जोन्स आठवते.

1915 साली त्रिनिदाद या कॅरिबियन बेटावर जन्मलेली क्लॉडिया न्यूयॉर्कच्या हार्लेममध्ये वाढली. पत्रकार झाली, कम्युनिस्ट म्हणून तुरुंगात गेली. 1955 मध्ये अमेरिकेने तिला हद्दपार केले, तेव्हा ती लंडनला आली. दुसऱ्या महायुद्धानंतरच्या ब्रिटनला कामाला माणसे हवी होती. कॅरिबियन बेटांवरून आलेले लोक तिथे बस चालवत होते, इस्पितळांत राबत होते. भाड्याने खोली मागायला गेले की मात्र दार बंद होई. 1958 च्या उन्हाळ्याअखेरीस लंडनच्या नॉटिंग हिल भागात गोऱ्या टोळ्या त्यांच्या घरांवर चालून गेल्या.

त्यानंतर काही महिन्यांतच, जानेवारी 1959 मध्ये, क्लॉडियाने कार्निव्हल, म्हणजे नटूनथटून रस्त्यांवर नाचण्याचा त्रिनिदादी सण, भरवला. बाहेर कडाक्याची थंडी, म्हणून सेंट पँक्रसच्या टाउन हॉलमध्ये. त्या दंगलीत पकडलेल्यांचा दंड भरायलाही त्यातून हातभार लावायचे ठरले होते. भेदरलेली माणसे घरात दबून बसतात. ही माणसे नटूनथटून नाचायला आली. मला हे धैर्य फार मोठे वाटते.

त्यामागे जुनी शिकवण होती. गुलामगिरीतून सुटलेल्या त्रिनिदादच्या लोकांनी मळेवाल्यांचा कार्निव्हल आपला करून घेतला होता. इंग्रज सरकारने ढोलांवर बंदी घातली, तर त्यांनी बांबू आपटून ताल धरला. पुढे तेलाची रिकामी पिंपे ठोकून त्यातून सूर काढले. तेच आजचे स्टीलपॅन वाद्य. म्हणून मला वाटते, या माणसांनी संस्कृती नुसती जपली नाही. हाती लागेल त्यातून ती पुन्हा पुन्हा घडवली.

1966 पासून नॉटिंग हिलच्याच रस्त्यांवर उत्सव भरू लागला. आज दर ऑगस्टला तिथे लाखो लोक जमतात. आणि तरीही, लहानपणी कॅरिबियन बेटांवरून आईबापांबरोबर आलेल्या, उभे आयुष्य ब्रिटनमध्ये काढलेल्या कित्येकांकडे सरकारने कागद मागितले. ते दाखवता आले नाहीत म्हणून नोकऱ्या गेल्या, उपचार नाकारले गेले, काहींना देशाबाहेर काढले. 2018 मध्ये हे सारे उघड झाले आणि सरकारला माफी मागावी लागली.

ज्यांच्या तालावर एखादे शहर नाचते, त्यांना त्या शहरात राहण्याच्या हक्काचा पुरावा मागणे हा अन्यायच आहे. आपल्या शहरांनीही तो करू नये.