आकाराकडे मी पाहिलंच नाही

रसायनशास्त्र शिकवताना कित्येक वर्षं मी एक धडा घाईत उरकला: रेणूंचे आकार. रेषीय, कोनीय, चतुष्फलकीय. नावं पाठ करा, पुढे चला. माझ्या लेखी सारं काही बंधात होतं. दोन अणूंच्या विद्युतऋणतेत फरक असला की बंध ध्रुवीय, आणि बंध ध्रुवीय तर रेणूही ध्रुवीय. हे अपुरं आहे, असं पुस्तकात छापलेलं होतं. मी ते वाचून दाखवत होतो, पण स्वतःला कधी विचारलं नव्हतं. न उमजलेलं शिकवणं हा अप्रामाणिकपणा आहे. तो माझ्याकडून घडला.

या समजाला तडा गेला गोंदिया जिल्ह्यातल्या नागझिऱ्याला. १९७० पासूनचं हे अभयारण्य पानगळीचं. उन्हाळ्यात बरीच झाडं उघडी पडतात आणि जनावरं तळ्याकडे वळतात. काठाशी बसलो असताना मनात आलं, हे पाणी द्रव का? मी श्वासातून सोडतो त्या कार्बन डायऑक्साइडचा रेणू पाण्याच्या रेणूच्या जवळजवळ अडीचपट जड. त्याचे दोन्ही बंध ध्रुवीय. माझ्या हिशेबाने ते रेणूही एकमेकांना घट्ट धरून राहायला हवेत. तरी तो वायू कसा?

तिथे मी पहिल्यांदा मन लावून आकृती काढली. मध्ये कार्बन, दोन ऑक्सिजन थेट समोरासमोर, १८० अंशांत. तुल्यबळ संघांच्या रस्सीखेचीसारखी ओढ, बेरीज शून्य. पाण्यात ऑक्सिजनवर इलेक्ट्रॉनच्या आणखी दोन जोड्या असतात. त्या बंधांना रेटतात आणि रेणू १०४.५ अंशांत वाकतो. आता दोन्ही ओढी एकमेकींना पुसून टाकू शकत नाहीत. डायपोल मोमेंट उरतो १.८५ डिबाय. एका रेणूचा हायड्रोजन शेजारच्या ऑक्सिजनला धरतो. पाण्याचा रेणू सरळ असता, तर बंध ध्रुवीय असूनही ही पकड फार सैल पडली असती. जनावरं ज्यासाठी येतात ते तळं त्या वाकण्यावर टिकून आहे.

कार्बन टेट्राक्लोराइडचे चारही बंध ध्रुवीय, रेणू मात्र अध्रुवीय. एका क्लोरीनच्या जागी हायड्रोजन आला की क्लोरोफॉर्म होतो आणि तो ध्रुवीय ठरतो. ही उदाहरणं मी ‘अपवाद’ म्हणून घोकून घेत होतो. नियमच तो होता.

शिकणाऱ्यांना आणि शिकवणाऱ्यांना माझी एवढीच विनंती: निर्णय देण्याआधी रेणूची आकृती काढा, प्रत्येक बंधावर बाण द्या आणि दिशेसकट बेरीज करा.