कोऱ्या पत्रालाही उत्तर येते

कोणत्याही वादात दोन बाजूंची माणसे थोडी असतात आणि बाजूला उभी राहिलेली पुष्कळ. खानदेशात या पुष्कळांच्या तोंडी एक ठरलेला प्रश्न असतो, ‘आपल्याले काय करनं?’ त्या प्रश्नात तटस्थतेचे तीन प्रकार एकत्र आलेले असतात. काहींनी मतच बनवलेले नसते. काहींचे मत असते, पण ते सांगायचे नसते. काही जण मत सांगतात, मात्र त्यापुढे काही करत नाहीत. तिघांच्याही मनात एक समजूत पक्की असते: आपण काहीच केले नाही, म्हणजे जे घडेल त्यात आपला हात नाही. तटस्थतेची सगळी भिस्त या समजुतीवर आहे, आणि तपासून पाहिली तर ती टिकत नाही.

मुक्ताईनगर तालुक्यात, तापी आणि पूर्णा यांच्या संगमावर चांगदेव नावाचे गाव आहे. तिथल्या प्राचीन मंदिराशी ज्या योगी चांगदेवांचे नाव जोडले जाते, त्यांची कथा या संदर्भात पाहण्यासारखी आहे. परंपरा सांगते की योगबळाने चौदाशे वर्षे जगलेल्या चांगदेवांनी ज्ञानदेवांची कीर्ती ऐकली आणि त्यांना पत्र लिहायला घेतले. मायन्यालाच लेखणी अडली. ज्ञानदेव वयाने पोर, म्हणून ‘चिरंजीव’ लिहावे, तर त्यांच्या ज्ञानाचा अपमान होणार. ‘तीर्थरूप’ लिहावे, तर स्वतःच्या चौदाशे वर्षांचा मोठेपणा एका शब्दात खाली ठेवावा लागणार. चांगदेवांनी दोन्ही टाळले आणि कोराच कागद शिष्याच्या हाती देऊन पाठवला.

कागद कोरा असला तरी ते पत्र होते. ते निघाले, पोहोचले आणि ज्ञानदेवांसह चार भावंडांसमोर उघडले गेले. इतकी वर्षे जगून हा गृहस्थ कोराच राहिला, असा त्याचा अर्थ ज्ञानदेवांच्या धाकट्या बहिणीने, मुक्ताबाईंनी लावला, असे कथेत येते. ज्ञानदेवांनी त्याच कागदाला पासष्ट ओव्यांचे उत्तर दिले. ते ‘चांगदेव पासष्टी’ या नावाने मराठीत कायमचे राहिले. पुढे चांगदेव भेटीला आले आणि वयाने कितीतरी लहान असलेल्या मुक्ताबाईंना त्यांनी गुरू मानले. मोठे कोण, हा जो प्रश्न कागदावर टाळला होता, त्याचे उत्तर शेवटी नमस्कार करून द्यावे लागले. निर्णय पुढे ढकलता आला, पण चुकवता आला नाही. मधल्या काळात कोऱ्या जागेचा अर्थ दुसऱ्यांनी लावला.

असे होण्याचे कारण माणसाच्या स्वभावात जितके आहे, त्याहून अधिक व्यवहाराच्या रचनेत आहे. एखाद्याने निर्णय घेतला नाही म्हणून जग थांबत नाही. त्याच्या जागी आधीपासून चालत आलेली व्यवस्था निर्णय घेते. कायद्यात हे स्पष्ट दिसते. मुलांपैकी कोणाला दुखवायचे नाही म्हणून एखादा हिंदू शेतकरी मृत्युपत्र करत नाही. तो गेल्यावर 1956 चा हिंदू उत्तराधिकार कायदा त्याच्या स्वकष्टार्जित जमिनीची वाटणी करतो. पत्नी, आई, मुलगे आणि मुली यांना सारखा वाटा मिळतो, मग म्हातारपणी कोणी सांभाळले आणि कोण फिरकले नाही, याचा हिशेब कोणी विचारत नाही. बांधाच्या वादातही हेच घडते. शेजारी दरवर्षी नांगरताना दोन तास पुढे सरकतो आणि मूळ मालक, कशाला वैर घ्यायचे, म्हणून गप्प बसतो. शेजाऱ्याने उघडपणे, आपलीच जमीन म्हणून, मालकाच्या हक्काविरुद्ध ताबा ठेवला आणि बारा वर्षांत दावा झाला नाही, तर 1963 च्या मुदतीच्या कायद्याप्रमाणे मालकाचा त्या पट्ट्यावरचा हक्कच संपतो. मालकाने बाजू घेतली नव्हती. कायद्याच्या दृष्टीने मात्र त्याच्या गप्प बसण्यानेच जमीन शेजाऱ्याच्या पदरात पडली.

या उदाहरणांतून दुसरी गोष्ट निघते. तटस्थतेचे माप दोन्ही पारड्यांत सारखे पडत नाही. ज्याच्या हाती आधीच ताबा, पैसा, संख्या किंवा रूढी आहे, त्याला इतरांनी काही करायला नकोच असते. ज्याला परिस्थिती बदलायची असते, त्याला माणसे लागतात. म्हणून बाजूला उभे राहणाऱ्यांचे वजन न मागता बलवानाकडे जाते.

मुक्ताबाईंच्या घराने हे सोसले होते. संन्यास घेऊन गृहस्थाश्रमात परतलेल्या त्यांच्या वडिलांचे, विठ्ठलपंतांचे कुटुंब वाळीत पडले. वाळीत टाकण्याचा निर्णय धर्मसत्ता असलेल्या थोड्यांनी घेतला, पण तो रोज अमलात आणला तो बाकीच्या गावाने. मांड्यांची कथा हेच दाखवते. मुक्ताबाईंना मांडे भाजायला मातीचे परळ हवे होते. या भावंडांचा द्वेष करणाऱ्या विसोबांच्या धाकामुळे आळंदीतल्या कुंभारांनी ते दिले नाही. या कुंभारांचे त्या पोरांशी वैर असल्याचे कथा सांगत नाही. त्यांना मोठ्यांच्या भांडणात पडायचे नव्हते, एवढेच. पण दाराशी आलेले गिऱ्हाईक परत पाठवताना भांडण त्यांच्या ओट्यावर आले होते. भांडे विकणे ही एक बाजू होती आणि न विकणे ही दुसरी. तिसरी जागा त्या ओट्यावर नव्हतीच.

सामाजिक बहिष्काराचे यंत्र आजही याच तत्त्वावर चालते. त्यात मारहाण लागत नाही. पिठाच्या गिरणीवर दळण ठेवून घेतले जात नाही. किराणा दुकानदार माल संपला म्हणतो. लग्नाची पत्रिका दारावरून पुढे जाते. घरात मयत झाली तर तिरडी बांधायला चार हात मिळत नाहीत. प्रत्येकाने फक्त एक छोटी गोष्ट करायची राहून गेलेली असते. त्या न केलेल्या गोष्टींची बेरीज एका कुटुंबाला गावातून उठवायला पुरते. महाराष्ट्राने 2016 मध्ये सामाजिक बहिष्काराविरुद्ध स्वतंत्र कायदा केला आणि तो जुलै 2017 पासून लागू झाला. बहिष्कार टाकणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही, अशी शिक्षा त्यात आहे. संबंध तोडण्यानेही इजा होते, हे या कायद्याने मान्य केले.

मतदानात तटस्थतेला अधिकृत जागा मिळालेली आहे. 27 सप्टेंबर 2013 रोजी सर्वोच्च न्यायालयाने ‘नोटा’चा पर्याय देण्याचा आदेश दिला. विधानसभा आणि लोकसभेच्या निवडणुकीत मात्र नोटाची मते कितीही झाली, तरी उमेदवारांमध्ये ज्याला सर्वाधिक मते, तोच निवडून येतो. महाराष्ट्र राज्य निवडणूक आयोगाने 2018 मध्ये स्थानिक स्वराज्य संस्थांसाठी पुढचे पाऊल टाकले. नोटा पहिल्या क्रमांकावर आल्यास फेरनिवडणूक घ्यायची. पण ही तरतूदही नकाराला कायम राहू देत नाही, कारण गावाला सरपंच लागतो आणि पाण्याच्या टाकीवर सही कोणाला तरी करावी लागते. बिनविरोध निवडणुकीचे कौतुकही नीट पाहावे लागते. गावात भांडण नको म्हणून सगळे गप्प बसतात, त्यातली काही गावे खरोखर एकमताची असतात आणि काही ठिकाणी त्या शांततेची बोली लागते. जानेवारी 2021 मध्ये नंदुरबार जिल्ह्यातील खोंडामळी आणि नाशिक जिल्ह्यातील उमराणे येथील ग्रामपंचायत निवडणुका आयोगाने रद्द केल्या, त्या पदांचा लिलाव झाल्याच्या कारणावरून. लिलावात सगळेच बोली लावत नाहीत. इतरांनी अर्ज भरायचा नाही, एवढ्यावर तो व्यवहार उभा असतो.

मग जगापासूनच दूर गेले तर? हा मार्गही ज्ञानदेवांच्या घरात आजमावला गेला. लोकांच्या अपमानाने खिन्न होऊन त्यांनी झोपडीची ताटी लावून घेतली, असे परंपरा सांगते. मुक्ताबाईंनी बाहेर उभे राहून त्यांना दार उघडायला विनवले आणि त्यातून ताटीचे अभंग आले. त्यांच्या विनवणीतला विचार कठोर आहे. योग्याने जगाचा राग गिळायचा असतो, जगावर रुसून बसायचे नसते. आत बसलेला माणूस स्वतःला वादाबाहेर समजतो, पण बाहेरच्यांच्या लेखी बंद दार हाच त्याचा शब्द असतो. महाभारतातला बलराम असाच दूर गेला. भीम आणि दुर्योधन दोघेही त्याचे शिष्य, म्हणून तो युद्ध सोडून तीर्थयात्रेला निघाला. परतला तो नेमका गदायुद्धाच्या वेळी, आणि भीमाने मांडीवर प्रहार करताच नांगर उचलून त्याच्यावर धावला. तीर्थयात्रेने बाजू नाहीशी झाली नव्हती, ती फक्त उशिरा आणि रागाच्या भरात बाहेर आली. प्राचीन अथेन्समध्ये सोलोनच्या नावावर तर असा कायदा सांगितला जातो की यादवीत जो कोणतीच बाजू घेणार नाही, त्याचे नागरिकत्वाचे हक्क जावेत.

मुक्ताबाईंची पालखी आषाढीला जिथे पोहोचते, त्या पंढरपुरात 1947 साली हा प्रश्न मंदिराच्या दारातच उभा राहिला. अमळनेरच्या शाळेत शिक्षक राहिलेल्या साने गुरुजींनी विठ्ठलमंदिर अस्पृश्य मानल्या गेलेल्यांना खुले व्हावे म्हणून आधी महाराष्ट्रभर दौरा केला आणि 1 मेपासून उपोषण केले. दार बंद ठेवायला कोणालाच काही करावे लागत नव्हते. आपण रांगेत उभे राहून दर्शन घेतले की झाले, असे म्हणणारा भाविकही ते बंद दार वापरत होता. उपोषणाने त्याला पहिल्यांदा विचारले की तू कुठे उभा आहेस.

यावर एक रास्त आक्षेप येतो. न्यायाधीश आणि पंच तटस्थच असतात, आणि ते तसे नसतील तर व्यवहार कोसळेल. इथे निःपक्षपात आणि तटस्थता यांत गल्लत होते. न्यायाधीश वादी-प्रतिवादींपैकी कोणाचा नसतो, पण कायद्याचा असतो. खटल्यात स्वतःचा संबंध असेल तर तो त्यातून बाजूला होतो, तेही त्याच निष्ठेपोटी. पुराव्यानंतर निकाल देण्याचे त्याला टाळता येत नाही. 1863 मध्ये स्थापन झालेली आंतरराष्ट्रीय रेडक्रॉस समिती तटस्थता हे आपले तत्त्व मानते. ती लढणाऱ्या सैन्यांपैकी कोणाची नसते, जखमींची मात्र असते. दोघांपैकी कोणाचाही न होता वागता येते, पण त्यासाठी तिसऱ्या कशाची तरी बाजू पक्की धरावी लागते: नियमाची, पुराव्याची किंवा सोसणाऱ्याची. ती नसेल तर निःपक्षपाताचे फक्त सोंग उरते.

तटस्थ राहणे शक्य नाही, याचा अर्थ प्रत्येक भांडणात उडी घ्यावी असाही होत नाही. माहिती नसताना मत न देणे हा शहाणपणा आहे, मात्र माहिती मिळवण्याची खटपट चालू असेल तोवरच. भावाभावांच्या वाटणीत शेजाऱ्याने मध्यस्थी करावी, निवाडा करू नये, हेही ठीक. शिवाय वेळ आणि बळ मोजके असते. काही वाद सोडावेच लागतात. पण सोडलेल्या वादाचा निकालही लागतच असतो, आणि तो बहुधा जोरकसाच्या बाजूने लागतो. माणसाच्या हाती एवढेच असते की, काय सोडायचे ते समजून सोडावे, विचारल्यास कारण सांगावे, आणि त्या निकालातला आपला वाटा नाकारू नये.