नामदेव व्हटकरांचा कॅमेरा

दोस्तांनो, आपल्यात कवी पुष्कळ झाले. भाषणवाले तर गल्लोगल्ली. पण सिनेमाच्या धंद्यात आपलं कोण होतं, असं इचारलं की पोरं गप होतात. म्हणून नामदेव व्हटकरांवर लिहितोय.

व्हटकर १९२१ साली सातारा जिल्ह्यात मसूरला जन्मले, दलिताच्या घरात. लेखक, नट, दिग्दर्शक, निर्माता असं सगळं झाले. १९५७ चा ‘आहेर’ त्यांनीच दिग्दर्शित केला. ‘कथा माझ्या जन्माची’ हे आत्मचरित्रही लिहिलं. अशा माणसाला पांढरपेशे अष्टपैलू म्हणतात. मी गिरणीत साचा चालवतो, रात्री कविता लिहितो. मला एवढं कळतं की आपल्या माणसाला कोणी दार उघडून देत नाय. एक बंद झालं की दुसरं ठोठवायचं. त्यातनं हे पैलू पडतात.

६ डिसेंबर १९५६ ला बाबासाहेब दिल्लीत गेले. रात्री विमानानं त्यांना मुंबईला आणलं. ७ तारखेला राजगृहापासून दादरच्या चौपाटीपर्यंत माणसांचा समुद्र लोटला. व्हटकरांनी ओळखलं, हे चित्रित झालं पायजे. आणि सिनेमाची फिल्म काय फुकट मिळत नाय. त्यांनी स्वतःचं होतं ते गहाण टाकलं, पैसा उभा केला, कॅमेरा लावला. कोणी सांगितलं म्हणून नव्हे, कोणी मानधन दिलं म्हणून नव्हे.

त्या चित्रणात फुलांनी झाकलेला ट्रक आहे, तशी आपली माणसंही आहेत. बाबासाहेबांचं मूळ गाव आंबडवे आमच्या रत्नागिरी जिल्ह्यातलं, मंडणगड तालुक्यातलं. इथले किती चाकरमानी तेव्हा गिरणगावात राबत होते! माझा पणजा बदली कामगार होता. तो त्या गर्दीत चालला. त्याचा एक फोटो आमच्या घरात नाय. ते चित्रण बघताना मी प्रत्येक टोपीखाली त्याला शोधतो.

व्हटकर १९८२ ला गेले. त्यांच्यावरच्या सिनेमाची घोषणा व्हायला २०२३ उजाडलं. तोवर आपण तरी त्यांचं नाव कितीदा घेतलं?

आज प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे, काही गहाण टाकायला लागत नाय. जयंतीच्या मिरवणुकीत आपण तो स्वतःच्या तोंडाकडं धरतो. वाडीतली म्हातारी माणसं एकेक करून चाललीत. त्यांच्यासमोर तो कधी धरणार?


जयभीम.