एका हाताचा पोलीस

परवा रात्री झोप येईना म्हणून एक जुना फिलिपिनो सिनेमा पाहिला. 'द वन आर्म्ड एक्झिक्यूशनर', साल १९८१. दिग्दर्शक बॉबी सुआरेझ, म्हणजे 'क्लिओपात्रा वाँग'वाला.

रेमन ऑर्टेगा हा मनिलातला इंटरपोलचा माणूस. नुकतंच लग्न झालेलं. ड्रग्जवाल्या टोळीच्या मागे लागतो, तर टोळी त्याच्या बायकोला मारते आणि त्याचा हात तोडते. आपल्याला लगेच 'शोले'तला ठाकूर आठवतो, तोही पोलीसच!

संवाद यथातथाच आहेत, पण मधला भाग मला फार आवडला. खचलेल्या रेमनला त्याचा जुना गुरू हाताला धरून उठवतो, आणि तो उरलेल्या एका हाताने सगळं पहिल्यापासून शिकतो. मग शेवटी बंदूक घेऊन टोळीचा हिशोब स्वतःच चुकता करतो. कोर्ट नाही, साक्षीपुरावा नाही. नावातच जल्लाद आहे म्हणा!

ठाकूरही आधी गब्बरला ठारच मारणार होता. पण १९७५ साली, ऐन आणीबाणीत सेन्सॉरने शेवट बदलायला लावला आणि पोलीस येऊन गब्बरला घेऊन गेले. माणसांना खटल्याशिवाय तुरुंगात टाकणाऱ्या सरकारला पडद्यावर मात्र कायदा हवा होता. गंमतच आहे, नाही?

रेमनला मी मनातल्या मनात टाळ्या दिल्या. मग त्याच देशाचं पुढचं आठवलं. २०१६ साली दुतेर्ते राष्ट्राध्यक्ष झाले आणि ड्रग्जविरुद्धची लढाई खरोखरच बंदुकीने सुरू झाली. पोलिसांच्या कारवायांत ६,००० हून जास्त माणसं मेली, आणि हा झाला फक्त सरकारी आकडा. त्यातली बरीचशी गरीब वस्त्यांतली. सिनेमात खलनायक कोण ते आपल्याला पहिल्या रिळात कळतं. गल्लीत रात्री दार ठोठावणाऱ्या पोलिसाला ते कोण सांगणार?

मार्च २०२५ मध्ये दुतेर्तेंना मनिलातच अटक झाली आणि हेगला नेलं. आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाचं ते वॉरंट आलं इंटरपोलच्या मनिला कार्यालयामार्फत. म्हणजे रेमनच्याच ऑफिसातून! यावेळी बंदुकीऐवजी कागद.

आमचे एक मामा पोलिसात होते. असे सिनेमे लागले की ते उठून आत जायचे. आम्हा पोरांना वाटायचं, मामांना मारामारी आवडत नाही. आता वाटतं, त्यांना पुढचं दिसत असावं.

तरी तो मधला भाग जरूर बघा. आणि शेवटी टाळ्या वाजवाव्याशा वाटल्या का, तेही कळवा.