कातरवेळी फाइव्ह गार्डन

फाइव्ह गार्डन म्हटलं की तुमच्या डोळ्यांसमोर काय येतं? कॉलेजचे दिवस, व्हीजेटीआयच्या पोरांचे कट्टे, बाइकला टेकून मारलेल्या तासन्‌तास गप्पा, पहाटे हात हवेत फिरवणारे आजोबा. सगळं अगदी बरोबर. पण मी सांगतेय ते फाइव्ह गार्डन संध्याकाळचं आहे, दिवेलागणीच्या आगेमागेचं. ते ताशी जेमतेम एक किलोमीटरच्या वेगानं बघायचं असतं आणि त्यासाठी सोबत एक म्हातारा कुत्रा लागतो.

माझ्याकडे आहे. नाव बंड्या, वय १४, जात अस्सल गावठी. काळा रंग आणि दोन्ही डोळ्यांवर दोन तपकिरी ठिपके. दिवसभर तो पंख्याखाली आडवा असतो. पण उन्हं कलली की त्याच्यात काहीतरी बदलतं. आधी धाप लागते. मग येरझाऱ्या सुरू. हॉल, पॅसेज, किचन, परत हॉल. बाहेर जायचं असेल तर दाराच्या बिजागरीच्या बाजूला जाऊन उभा राहतो, जणू दार तिकडून उघडणार आहे. कधी सोफ्याच्या मागे शिरतो आणि बाहेर कसं यायचं हेच विसरतो. आई म्हणते, ‘‘याला कातरवेळ लागते गं.’’

आईचं निदान शब्दशः खरं निघालं. आमच्या डॉक्टरांनी आधी सांधे, डोळे, रक्त, लघवी सगळं तपासलं, कारण दुखण्यानंही कुत्री अशीच वागतात. मग त्यांनी समजावून सांगितलं. म्हाताऱ्या कुत्र्यांच्या मेंदूत बीटा-अमायलॉइड नावाचं प्रथिन साचत जातं, माणसांच्या अल्झायमर्समध्ये साचतं तेच. झोप-जागेचं घड्याळ बिघडतं, ओळखीच्या जागा अनोळखी होतात. त्यात संध्याकाळचा अंधूक प्रकाश, कमजोर नजर आणि दिवसभराचा थकवा. सावल्याही घाबरवतात. २००१ साली अमेरिकेत प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात ११-१२ वर्षांच्या २८ टक्के आणि १५-१६ वर्षांच्या ६८ टक्के कुत्र्यांमध्ये यातलं निदान एक तरी लक्षण आढळलं होतं. म्हणजे बंड्या काही जगावेगळा नाही. हे पूर्ण बरं होत नाही, थोडं लांबवता येतं, असंही डॉक्टर म्हणाले. आणि एक वाक्य जाता जाता, ‘‘त्याचं रोजचं जे आहे, ते बदलू नका.’’

त्याचं रोजचं म्हणजे फाइव्ह गार्डन. पिल्लू होता तेव्हापासून.

तर चला. आम्ही बागांच्या आत शिरत नाही, बाहेरच्या फुटपाथनं जातो. सूर्य मावळायच्या अर्धा तास आधी निघायचं, हा पहिला नियम. त्यामुळे आमची वेळ घड्याळावर नाही, ऋतूवर ठरते. नोव्हेंबरच्या अखेरीस मुंबईत सहालाच सूर्य बुडतो, जुलैच्या सुरुवातीला थेट सात-वीसपर्यंत रेंगाळतो. उन्हाळ्यात आधी तळहाताची मागची बाजू फुटपाथवर पाच सेकंद टेकवून बघायची. आपल्याला चटका बसला तर त्याच्या पंजांनाही बसणार.

पहिला स्टॉप पर्जन्यवृक्षाखाली. या झाडाची एक गंमत आहे. संध्याकाळ झाली की ते पानं मिटून घेतं. इतकी वर्षं या रस्त्यानं स्टेशनकडे पळताना मी कधी मान वर केली नव्हती. आता बंड्या बुंध्याशी पाच-पाच मिनिटं नाक लावून उभा असतो, त्यामुळे मला वर बघण्यावाचून दुसरा उद्योग नाही. कुत्र्यांचे डोळे आणि कान आधी थकतात, नाक बहुतेकदा उशिरा. त्यामुळे घरात वाट चुकणारा बंड्या इथे चुकत नाही. कोणत्या खांबाशी थांबायचं, कोणत्या गेटपाशी शेपूट हलवायची, सगळं पाठ. धाप कमी होते. शेपूट हळूच वर येते.

पुढे पारशी कॉलनी. लेडी जहांगीर रोड, जाम-ए-जमशेद रोड, फिरदौसी रोड. नावं वाचत चाललात तरी निम्मा फेरफटका वसूल. १८९६ च्या प्लेगनंतर दाटीवाटीच्या मुंबईला मोकळा श्वास देण्यासाठी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन झाला, त्याच ट्रस्टच्या दादर-माटुंगा योजनेतून हा भाग वसला. मंचेरजी एदलजी जोशी या इंजिनीअरनं मध्यमवर्गीय पारशांसाठी इथे कॉलनी उभी राहावी म्हणून पाठपुरावा केला. म्हणून तर इमारतींमध्ये आभाळ दिसतं आणि म्हाताऱ्या पायांना रुंद फुटपाथ मिळतो. शहर आखताना कुणीतरी चालणाऱ्यांचा विचार केला होता, याची आठवण करून देणारे रस्ते मुंबईत किती उरलेत?

इथल्या एका वाड्याच्या गेटपाशी एक पारशी आंटी खुर्ची टाकून बसतात. पहिल्या भेटीतच त्यांनी बंड्याच्या ठिपक्यांकडे बोट दाखवलं, ‘‘अरे, आ तो चार आंखवालो!’’ पारशी परंपरेत डोळ्यांवर दोन ठिपके असलेल्या ‘चार डोळ्यांच्या’ कुत्र्याला मान आहे. अंत्यविधीत मृतदेहाकडे कुत्र्याची नजर वळवतात, त्या विधीला सगदीद म्हणतात. वेंदिदाद या त्यांच्या ग्रंथात एक अख्खं प्रकरण कुत्र्यांवर आहे, आणि त्यात कुत्र्याला वाईट अन्न देणाऱ्याला शिक्षाही सांगितली आहे. हे नुसतं पोथीतलं नाही बरं का. जून १८३२ मध्ये इंग्रज सरकारनं भटकी कुत्री मारायची मोहीम काढली, मारणाऱ्याला बक्षीस ठेवलं, तेव्हा फोर्टमधले पारशी रस्त्यावर उतरले आणि बाकीचे मुंबईकरही सामील झाले. अख्खं शहर कुत्र्यांसाठी बंद! परळचं बाई साकरबाई दिनशा पेटिट हॉस्पिटल, आपलं ‘बैलघोडा हॉस्पिटल’ हो, तेही पारशी दानशूरांच्याच पैशातून उभं राहिलं. आणि महालक्ष्मीला २०२४ साली सुरू झालेलं प्राण्यांचं मोठं हॉस्पिटल टाटा ट्रस्ट्सचं.

आंटी रोज एकच प्रश्न विचारतात, ‘‘आज कसा आहे?’’ आणि उत्तराची घाई करत नाहीत.

आता तुम्ही विचाराल, संध्याकाळी साडेपाचला ऑफिसमधून निघायला मिळतं कसं? भांडून. मुलांसाठी, आजारी आईवडिलांसाठी निदान कारण सांगता येतं. कुत्र्याच्या कातरवेळेसाठी लीव्ह फॉर्ममध्ये कुठला कॉलम असतो? मी टीम लीडला सरळ सांगितलं, सकाळी लवकर येईन, रात्री नऊला पुन्हा लॉगिन करेन, मधले साडेतीन तास माझे. ते जमलं. बंगळुरूचं पोस्टिंग मात्र नाही जमलं. पगार बरा होता, पद त्याहून बरं. पण बंड्याच्या डोक्यातून घराचा नकाशा पुसत चाललाय. उरलाय तो या रस्त्यांचा. तो सोडवून त्याला चौदाव्या वर्षी नव्या शहराच्या नव्या लिफ्टमध्ये उभं करायचं? मी नाही म्हटलं. एचआरमधली मैत्रीण म्हणाली, ‘‘एका कुत्र्यासाठी?’’ मी म्हटलं, हो, एका कुत्र्यासाठी. पुढच्या अप्रेजलला याची किंमत लागेल, ते मला माहीत आहे.

परत येताना अंधार पडलेला असतो, पण घर उजळलेलं असतं. ही जबाबदारी बाबांची. सूर्य मावळायच्या आधीच सगळे दिवे लावायचे, पडदे ओढायचे, म्हणजे सावल्यांना वावच नाही. गुळगुळीत टाइल्सवर पाय घसरू नयेत म्हणून पॅसेजभर रबरी मॅट. सोफा, पाण्याचं भांडं, गादी यांची जागा तसूभर हलवायची नाही. जेवण ठरल्या वेळी. रेडिओ बारीक आवाजात. रात्री पॅसेजमध्ये एक छोटा नाइट लॅम्प. तरीही येरझाऱ्या सुरू झाल्याच तर ओरडायचं नाही, धरून बसवायचंही नाही. आधी त्याला दिसेल असं समोर यायचं आणि मग मानेपासून पाठीपर्यंत सावकाश हात फिरवत राहायचा. दहा मिनिटं, वीस मिनिटं. मोबाइल दुसऱ्या खोलीत.

तुमच्या घरीही असा कुणी म्हातारबा असेल तर आधी डॉक्टरांकडे न्या. वयच झालंय म्हणून सोडून देऊ नका. औषधं आहेत, पण ती डॉक्टरांनीच द्यायची. आपल्या डब्यातली पॅरासिटामॉल किंवा आयब्युप्रोफेन चुकूनही नाही, कुत्र्यांना ती विषासारखी बाधू शकतात. आणि दिवाळीत फटाके सुरू होण्याआधी फेरी उरका.

बाकी फेरीसाठी फाइव्ह गार्डनच हवं असं नाही. शिवाजी पार्क असेल, ठाण्याची तलावपाळी असेल, तुमच्या सोसायटीचा मागचा रस्ताही चालेल. रस्ता ओळखीचा हवा आणि रोज तोच हवा.

काही संध्याकाळी बंड्या मलाही ओळखत नाही. क्षणभर परक्यासारखा बघतो, मग माझा हात हुंगतो आणि चालायला लागतो. अजून किती संध्याकाळी तो असा हुंगून ओळखेल, ते डॉक्टरही सांगत नाहीत. आम्ही मोजत नाही.

या बाजूला आलात आणि दिवेलागणीला एक काळा कुत्रा भर रस्त्यात थबकलेला दिसला, तर हॉर्न वाजवू नका. त्याला ऐकू येत नाही. जरा थांबा. आम्ही ओलांडतोच आहोत.