परशुधारी पुरुषाचा प्रवास : ताऱ्यांच्या किमयेचा एक ग्रंथ

१/ इटलीतील फेरारा शहरात शिफानोया नावाचा महाल आहे. १४७० च्या सुमारास त्याच्या एका दालनात बारा महिन्यांची भित्तिचित्रे रंगवली गेली. मार्च महिन्याच्या चित्रात, मेष राशीच्या पट्ट्यावर एक काळा पुरुष उभा आहे. अंगावर फाटके पांढरे वस्त्र, कमरेला दोर. तो ग्रीक देव नव्हे, ख्रिस्ती संतही नव्हे. मग तो कोण?

२/ हे कोडे १९१२ साली रोम येथील कला-इतिहास परिषदेत हाम्बुर्गच्या आबी वारबुर्ग या विद्वानाने उलगडून दाखवले. त्याचे उत्तर ऐकणाऱ्यांना चकित करणारे होते : या पुरुषाचा माग बगदादमार्गे थेट भारतापर्यंत पोहोचत होता.

३/ सहाव्या शतकात वराहमिहिराने ‘बृहज्जातका’त प्रत्येक राशीचे दहा-दहा अंशांचे तीन भाग, म्हणजेच द्रेष्काण, वर्णिले आहेत. एकूण छत्तीस. मेषेचा पहिला द्रेष्काण म्हणजे कमरेला पांढरे वस्त्र गुंडाळलेला, काळ्या वर्णाचा, लाल डोळ्यांचा, परशू उगारलेला रौद्र पुरुष. नवव्या शतकात बगदादच्या अबू मअशर या ज्योतिषाने भारतीयांची ही वर्णने आपल्या ग्रंथात उतरवून घेतली.

४/ हाच पुरुष आणखी एका ग्रंथात भेटतो आणि तोच आजच्या कथेचा नायक आहे. मूळ अरबी नाव ‘ग़ायत अल्-हकीम’, म्हणजे ज्ञान्याचे अंतिम ध्येय. युरोपात तो ‘पिकाट्रिक्स’ या नावाने ओळखला गेला. मुस्लिम स्पेनमध्ये रचलेला हा ग्रंथ दीर्घकाळ मस्लमा अल्-मजरीती या गणितज्ञाच्या नावावर होता. आज अनेक अभ्यासक तो दहाव्या शतकातील मस्लमा अल्-कुर्तुबी याचा मानतात.

५/ या ग्रंथाला एक जोडग्रंथ आहे : ‘रुतबत अल्-हकीम’, किमयाशास्त्रावरचा. दोन्ही मिळून एकच विचार पूर्ण होतो. किमया म्हणजे द्रव्यावर द्रव्याची क्रिया, आणि ताईत म्हणजे द्रव्यात उतरवलेले ताऱ्याचे चैतन्य, अशी विभागणी ग्रंथकार करतो. त्याच्या लेखी भट्टी आणि आकाश ही एकाच विद्येची दोन दालने होती.

६/ या विद्येचा पाया जुनाच होता : सात ग्रह, सात धातू. सूर्याचे सोने, चंद्राचे रुपे, मंगळाचे लोखंड, शुक्राचे तांबे, गुरूचे कथील, शनीचे शिसे आणि बुधाचा पारा. ग्रह बलवान असताना त्याच्या धातूवर त्याची आकृती कोरावी, योग्य धूप जाळावा, प्रार्थना म्हणावी, म्हणजे ग्रहाची शक्ती धातूत स्थिरावते, अशी श्रद्धा. आधुनिक विज्ञानाने ही श्रद्धा नाकारली. तथापि मुहूर्ताची चिकित्सा करताना आकाशाचे जे काटेकोर गणित करावे लागे, ते गणित मात्र खरे होते.

७/ ग्रंथाचा पुढचा प्रवास राजाश्रयाने झाला. कॅस्टिलचा राजा दहावा आल्फोन्सो याच्या आज्ञेने १२५६ च्या सुमारास त्याचे स्पॅनिश भाषांतर सुरू झाले. त्यावरून पुढे लॅटिन अवतार सिद्ध झाला. हस्तलिखितांच्या रूपाने तो विद्वानांच्या हाती फिरत राहिला.

८/ विसाव्या शतकात त्याला पुन्हा प्रकाशात आणले ते वारबुर्गच्या ग्रंथालयानेच. हेल्मुट रिटर याने संपादिलेली अरबी संहिता १९३३ साली जर्मनीत छापली गेली. त्याच वर्षी नाझी सत्तेवर आले आणि वर्ष संपता संपता एका ज्यू विद्वानाने उभारलेले ते ग्रंथालय जहाजांवर चढवून लंडनला न्यावे लागले. रिटर आणि प्लेसनर यांचे जर्मन भाषांतर अखेर १९६२ साली लंडनहून प्रसिद्ध झाले. देशांच्या सीमा ओलांडत वाढलेल्या ग्रंथाच्या अभ्यासकांनाही सीमा ओलांडावी लागली.

९/ येथवर आलेल्या भारतीय वाचकाच्या मनात साहजिकच अभिमान दाटून येतो : म्हणजे मूळ आपलेच! पण क्षणभर थांबावे. ‘द्रेष्काण’ हा शब्दच संस्कृत नाही. तो ग्रीक ‘डेकानोस’वरून आलेला आहे. ग्रीकांनी ती कल्पना इजिप्तकडून घेतली. इ. स. पू. २१०० च्या सुमारास इजिप्तमध्ये शवपेटीच्या झाकणांवर छत्तीस तारकापुंजांच्या आधारे रात्रीचे प्रहर मांडलेले आढळतात.

१०/ म्हणजे चौकट इजिप्तची, नाव ग्रीकांचे, परशुधारी पुरुषाचे रूप भारताचे, त्याला पुढे नेणारी भाषा अरबी आणि त्याला भिंतीवर उभा करणारा कुंचला इटलीचा. यातील एकही दुवा निखळला असता, तर फेराराची ती भिंत रिकामी राहिली असती. वराहमिहिराला हे ऋण मान्य करण्यात कमीपणा वाटला नाही. यवन म्लेच्छ असले तरी त्यांच्यात हे शास्त्र नीट नांदते, म्हणून ते ऋषींप्रमाणे पूज्य आहेत, अशा आशयाचे विधान ‘बृहत्संहिते’त आहे.

११/ याच वाटेची दोन टोके विसाव्या शतकात एका अभ्यासकाच्या मेजावर एकत्र आली. डेव्हिड पिंग्री याने १९७८ साली ग्रीक ज्योतिष संस्कृतात आणणारे ‘यवनजातक’ संपादिले आणि १९८६ साली ‘पिकाट्रिक्स’ची लॅटिन संहिता. एका कामासाठी संस्कृत लागली, दुसऱ्यासाठी लॅटिन. आणि पहिले ठाऊक असल्यावाचून दुसऱ्यातील तो पुरुष ओळखू येणे कठीणच होते.

१२/ फेराराच्या भिंतीवर आज त्याच्या हाती परशू नाही. वाटेत कुठेतरी तो गळून पडला. हाती उरले ते कमरेच्या दोराचे टोक. कमरेचे पांढरे वस्त्र मात्र, फाटके का होईना, नऊशे वर्षांनंतरही अंगावर आहे.